करवंटी कुठल्या डब्यात?

ओला आणि सुका. शहरातल्या कचऱ्याचा नियम म्हणावा तर एवढाच, आणि तो बालवाडीतल्या पोरांनाही पाठ असतो. अडचण नारळ फोडल्यावर सुरू होते. करवंटी झाडाची, म्हणजे कुजणारी, म्हणजे ओली. पण सोसायटीच्या खतखड्ड्यात टाकली, तर बाकी सगळ्याची माती झाली तरी ही आपली ठणठणीत. शेंडीचं तर विचारूच नका. आंब्याची कोय, मटणाचं हाड, चहाची डिपवाली पिशवी (दोरा, पिन आणि कागदी शेपटीसकट), हे सगळे त्याच जातीतले. कांद्याचं खडखडीत वाळलेलं साल हातात धरून त्याला ‘ओला’ म्हणायला जीभ रेटत नाही.

पुण्यात असल्या वादांचा निकाल रोज सकाळी दारातच लागतो, कारण तो लावणारी बाई स्वतःच दारात येते. इथल्या कचरावेचकांनी १९९३ मध्ये ‘कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत’ नावाची संघटना बांधली. त्यातूनच पुढे ‘स्वच्छ’ ही त्यांची सहकारी संस्था उभी राहिली आणि २००८ पासून महापालिकेशी करार करून घरोघरचा कचरा उचलू लागली. पूर्वी ज्या बायका कुंडीत उतरून भंगार शोधायच्या, त्या आता बेल वाजवतात. फरक लहान वाटतो, पण बेल वाजवणाऱ्या बाईला दोन शब्द सुनावताही येतात. आमच्या मावशी ते मनापासून करतात.

आपण ज्याला एका दमात सुका म्हणतो, त्याचा त्या पार्किंगमध्ये फाटकी ताडपत्री पसरून संसार मांडतात. पांढरा कागद एकीकडे, रद्दी दुसरीकडे, पुठ्ठा पायाने दाबून चपटा. काच वेगळी, पत्रा वेगळा, बाटल्यांची बुचं वेगळी. प्रत्येकाचा भाव निराळा आणि तो त्यांना तोंडपाठ. वेफर्सची चकचकीत पाकिटं मात्र त्या बघतही नाहीत, त्यांना भंगारवाला विचारत नाही. दुधाच्या पिशवीला भाव आहे, पण ती धुतलेली हवी. तिचा कोपरा पूर्ण कापून टाकायचा नाही, लटकता ठेवायचा, हे त्यांनी आमच्या मजल्यावर प्रत्येकीला एकेकदा दाखवलंय. कापलेला तो नखाएवढा तुकडा कुणाच्याच हाती लागत नाही, सरळ गटारात जातो. हॉटेलच्या पार्सलचा डबा विसळून द्या, असंही सांगणं असतं. गुरुवारी पाणी बंद असलं की तेवढी सूट मिळते.

खरं तर वर्गीकरणाचा सगळा अर्थ या ताडपत्रीवर कळतो. कुजणारं कुठलं आणि न कुजणारं कुठलं हा शास्त्राचा भाग झाला. डब्यात टाकताना बघायचं ते एवढंच, की ही वस्तू यानंतर कुणाच्या हाताला लागणार आहे.

हे नियम करणाऱ्यांना कळत नव्हतं असंही नाही. केंद्राच्या २०१६ च्या घनकचरा नियमांत ओला, सुका आणि घरातला घातक असे तीन भाग होते. घातकात ट्यूबलाइट, रंगाचे डबे, मुदत संपलेली औषधं, सुया. पण डायपर आणि सॅनिटरी पॅड? ते नीट गुंडाळून सुक्याच्या डब्यात टाका, असं नियमच म्हणायचा. म्हणजे ज्या डब्यात दिवसभर हात घालायचा, त्यातच! मग ‘स्वच्छ’च्या बायकांनी साधा उपाय सांगितला. कागदात गुंडाळा, वर लाल ठिपका काढा आणि वेगळं द्या. एक पेन आणि जुनं वर्तमानपत्र, बस्स. आमच्या इमारतीत हा ठिपका सगळ्यात आधी काढायला लागल्या त्या तिसऱ्या मजल्यावरच्या आजी, त्यांच्या आजारी यजमानांच्या डायपरवर. ज्यांना असले विषय बोलायचाही संकोच वाटेल असं आम्ही धरून चाललो होतो, त्याच.

याच आजी देवाचा हार मात्र डब्यात टाकू देत नाहीत. नियमाच्या लेखी निर्माल्य चक्क ओला कचरा आहे, पण हे घरात म्हणून दाखवावं कुणी? गणपतीत घाटावर निर्माल्य कलश असतात तेव्हा ठीक. एरवी हार प्लास्टिकच्या पिशवीत भरून नदीकडे निघतो. म्हणून शहरातल्या काही पुलांच्या कठड्यांवर उंच जाळ्या आल्या. त्या जाळीवरून पिशवी पलीकडे भिरकावणारे धनुर्धर मी पाहिलेत. नंतर हात जोडतात, हे विशेष.

दुकानांची तऱ्हा वेगळी. आमच्या तळमजल्यावर सलून आहे, आणि केस ओला की सुका यावर अजून एकमत नाही. दिवसाला सरासरी १०० किलोच्या वर ज्याचा कचरा, तो २०१६ च्या नियमांत ‘मोठा’ ठरे आणि ओल्याची सोय जागेवरच लावणं त्याच्याकडून अपेक्षित असे. ते रास्तच होतं. शहराचा कचरा वर्षानुवर्षं उरुळी देवाची-फुरसुंगी या गावांकडे गेला, तिथल्या लोकांनी वास सोसला, आणि त्यांनी वैतागून गाड्या अडवल्या की इकडे आम्ही नाकाला रुमाल लावून त्यांनाच आडमुठे म्हणत होतो.

पण २०१६ च्या त्या नियमांतलं माझं आवडतं कलम निराळंच. परवाना नसलेल्या जागी शंभरावर माणसं जमवायची, तर पालिकेला किमान तीन कामकाजाचे दिवस आधी कळवा आणि कचरा वेगळा करा. हे लिहिणारा माणूस आपल्याकडच्या बारशाला गेलेला नसावा. नव्वद जणांना सांगितलं की एकशेचाळीस येतात, आणि त्यातले निम्मे कोणाकडून हे यजमानालाही जेवणं झाल्यावर उलगडतं. आमच्या गच्चीवरच्या बारशाला केटररने हिरव्यागार पत्रावळी आणल्या होत्या. पत्रावळ म्हणजे ओला, सगळे निश्चिंत. दुसऱ्या दिवशी मावशींनी एकीचा कोपरा नखाने खरवडला, तर पानाचं नुसतं चित्र, खाली पुठ्ठा आणि वर प्लास्टिकचा पापुद्रा.

“हे ओल्यात बी नाय आन् सुक्यात बी नाय,” त्या म्हणाल्या, “हे घेऊन मी काय करू?”

यापुढे सोसायटीच्या कार्यांना भाड्याची स्टीलची ताटं आणायची, असं कमिटीने तिथल्या तिथे ठरवलं. ती घासायची कुणी, हा विषय वार्षिक सभेसाठी राखून ठेवलाय.