निर्मिती : स्मिता तळवलकर

परवा सेटवर नव्याने लागलेल्या एका पोराने विचारलं, "दादा, प्रोड्युसर नेमकं करतो काय? डायरेक्टर डायरेक्शन करतो, कॅमेरामन कॅमेरा करतो. आणि हा?" मी तेव्हा व्हाउचरं लावत बसलो होतो. जनरेटरचं डिझेल, भाड्याच्या सात नऊवाऱ्या, पूजेच्या सीनसाठी आणलेली आणि सीन संपायच्या आत युनिटने फस्त केलेली केळी. वर न बघता म्हटलं, "सही करतो." पोरगं हसलं. मीही हसलो, पण रात्री लोकलमध्ये ते उत्तर मलाच पटेना.

माझं वय पंचावन्नच्या पुढे. तीसहून अधिक वर्षं प्रॉडक्शनमध्ये गेली, म्हणजे आयुष्यभर दुसऱ्याचे पैसे मोजले. निर्माते बरेच पाहिले. बिल्डर पाहिले, साखर कारखान्यातून आलेले पाहिले, मुलाला हिरो करायचं म्हणून फ्लॅट विकणारेही पाहिले. स्मिता तळवलकर यांच्याकडे मात्र कधी काम केलं नाही. तरी 'निर्माता' म्हटलं की माझ्या डोळ्यांसमोर त्यांचंच नाव येतं, आणि ते येतं ते सिनेमाच्या श्रेयनामावलीतल्या पाटीवरच्या अक्षरांत.

आधी आला तो चेहरा. मुंबई दूरदर्शन १९७२ च्या ऑक्टोबरात सुरू झालं. आमच्या डोंबिवलीच्या चाळीत टीव्ही यायला मात्र ऐंशी साल उजाडलं, तोही ब्लॅक अँड व्हाइट. संध्याकाळच्या बातम्या द्यायला प्रदीप भिडे, भक्ती बर्वे आणि स्मिता तळवलकर. आई भाजी निवडता निवडता टीव्हीकडे बघायची. बातमीशी तिला देणंघेणं नव्हतं. "पदर बघ, एक चुणी हललेली नाही," हे एक, आणि दुसरं, "ऐक, ण कसा म्हणतात ते ऐक." आम्ही मूळचे कोकणातले, आणि माझा 'ण' कायम घसरायचा. त्या काळात या बाईंचा उपयोग आमच्या घरात शुद्धलेखनाच्या बाईंसारखा होत होता. सतरा वर्षं त्यांनी बातम्या दिल्या.

शहाऐंशीच्या सुमारास त्या सिनेमात दिसू लागल्या. 'तू सौभाग्यवती हो', 'गडबड घोटाळा'. इथवर सगळं सरळ होतं, चेहरा ओळखीचा होता आणि कामं मिळत होती. पण १९८९ मध्ये त्यांनी 'कळत नकळत' काढला, स्वतःच्या अस्मिता चित्र या संस्थेतर्फे. आदल्याच वर्षी 'अशी ही बनवाबनवी'ने थिएटरं डोक्यावर घेतली होती. गल्ला विनोदाला होता. आणि या बाई घेऊन आल्या विवाहित पुरुषाचं बाहेरचं प्रकरण आणि त्यात भरडली जाणारी लहान पोरं. दिग्दर्शन कांचन नायक यांचं. विक्रम गोखले, सविता प्रभुणे, अश्विनी भावे, आणि अशोक सराफ. रुसलेल्या पोरीला हसवायचं जे गाणं अशोकमामांनी स्वतः गायलंय, ते आजही घराघरांत म्हटलं जातं.

इथे माझ्या धंद्यातली एक गोष्ट सांगतो, म्हणजे धाडस किती होतं ते कळेल. तेव्हा शूटिंग फिल्मवर व्हायचं. पस्तीस एमएमचा चारशे फुटांचा डबा साडेचार मिनिटांत संपतो. मी या लाइनीत आलो तेव्हा माझं पहिलं काम हेच होतं, डबे मोजणं. रिटेक झाला की कॅमेऱ्यातून येणारी ती घरघर म्हणजे निर्मात्याच्या खिशाला लागलेली कातर असायची. आणि सेटवर लहान मूल असलं की रिटेक ठरलेलेच. मूल दमतं, रडतं, त्याला शू लागते, मधेच त्याचं लक्ष कावळ्याकडे जातं. पहिलाच निर्माण केलेला सिनेमा, आणि त्याचा सगळा डोलारा लहान पोरांवर! माझ्यासारख्या हिशेबनिसाने बजेट बघूनच सांगितलं असतं, बाई, मूल जरा मोठं करा किंवा गोष्ट बदला. त्या सिनेमाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. या पारितोषिकाचं रजतकमळ दिग्दर्शकाबरोबर निर्मात्यालाही देतात. बऱ्याच जणांना हे माहीत नसतं.

१९९१ मध्ये 'चौकट राजा' आला. त्याच साली 'माहेरची साडी' आला होता आणि गावोगावच्या बायका रुमाल घेऊन थिएटरात जात होत्या. मी त्या सिनेमाला नावं ठेवणार नाही, आमच्या आईने तो तीनदा पाहिला. पण बायका सिनेमाला येतात म्हणजे सासुरवास दाखवायलाच पाहिजे, हा हिशेब तळवलकरांनी मानला नाही, एवढं खरं. त्यांनी मतिमंद नंदू दाखवला. टीव्हीवरचे चिमणराव म्हणून लोकांच्या डोक्यात बसलेले दिलीप प्रभावळकर नंदू झाले, सुलभा देशपांडे त्याची आई, आणि स्मिताबाई स्वतः त्याची लहानपणची मैत्रीण. दिग्दर्शक संजय सूरकर. ही जोडी पुढे बरीच वर्षं टिकली. निर्मात्याने स्वतः काम करणं म्हणजे काय हाल असतात ते मी पाहिलेत. मेकअप करून बसायचं, डोळ्यांत पाणी आणायचं, आणि कट झाला की कोणीतरी येऊन कानात सांगणार, जेवण पन्नास माणसांचं सांगितलं होतं, आलीत सत्तर.

९३ साली 'सवत माझी लाडकी'चं दिग्दर्शनही त्यांनीच केलं. मला तो सिनेमा त्यांच्या बाकीच्यांइतका आवडत नाही, पण नीना कुलकर्णींसाठी पुन्हा बघतो.

आणि १९९८ चा 'तू तिथे मी'. मोहन जोशी, सुहास जोशी. सगळा जन्म संसारात गेल्यावर उतारवयात एकमेकांसाठी वेळ शोधणारं जोडपं. असली गोष्ट आज चॅनेलच्या मीटिंगमध्ये सांगितली तर समोरचा तिशीतला मुलगा विचारेल, "यात यंग ट्रॅक कुठाय?" मी आईबाबांना घेऊन गेलो होतो. सिनेमाबद्दल बाबा एक अक्षर बोलले नाहीत. पण आमच्याकडे रिक्षात बाबा नेहमी पुढे, ड्रायव्हरशेजारी कोंबून बसायचे. त्या रात्री मागे आईजवळ बसले. पुढे मला बसावं लागलं. यालाही राष्ट्रीय पारितोषिक मिळालं.

टीव्हीचं गणित वेगळं होतं. दूरदर्शनच्या काळात प्रायोजक जमवावे लागत. जाहिरातीचे दहा-दहा सेकंदांचे तुकडे विकले गेले तर मालिका तरली. त्या दिवसांत बाईंनी बाजीराव पेशव्यांवरची 'राऊ' केली, म्हणजे घोडे, पगड्या, वाडे, सगळंच आलं. मग १९९९ मध्ये अल्फा मराठी (आजची झी मराठी) सुरू झालं आणि निर्मात्याचा धंदाच पालटला. चॅनेल एपिसोडमागे ठरलेली रक्कम देणार, हक्क चॅनेलचे, विकायची कटकट नाही. ऐकायला छान. पण पैसे मिळणार नव्वद दिवसांनी, आणि स्पॉटदादाला पैसे आजच द्यायचे. मधले तीन महिने जो निभावतो त्याला निर्माता म्हणतात. माझ्या एका मालिकेत (नाव घेत नाही) नव्वदाचे दीडशे दिवस झाले. आमच्या निर्मात्याने लाइटवाल्यांसमोर हात जोडले, आणि तरी दुसऱ्या दिवशी फक्त अर्धेच लाइट आले. तो सगळा भाग आम्ही 'गावात वीज गेली' असं दाखवून उरकला.

या नव्या व्यवस्थेत तळवलकरांची 'अवंतिका' आली. स्नेहलता दसनूरकरांच्या लेखनावर आधारलेली, मृणाल कुलकर्णी मुख्य भूमिकेत, दिग्दर्शन पुन्हा सूरकरांचं. बहिणीने तिच्या सासरी जेवणाची वेळ अवंतिकाप्रमाणे बदलून घेतली होती, आणि सासूने ती बदलू दिली, कारण तीही बघायची. २००४ मध्ये 'सातच्या आत घरात' आला. शीर्षकासाठी दूर जावं लागलंच नसेल, प्रत्येक मुलीच्या घरात ते तयारच होतं. शिवाय बाईंची अभिनय शिकवणारी अकॅडमी होतीच.

शेवटची चार वर्षं कर्करोगात गेली. सूरकर २०१२ मध्येच गेले होते. ६ ऑगस्ट २०१४ ला बाई गेल्या, साठी पूर्ण व्हायला महिना बाकी होता. मी तेव्हा मढला शूटिंगवर होतो. बातमी आली, आमच्या मेकअपदादांनी ब्रश खाली ठेवला, आणि पाच मिनिटं कोणी शॉटसाठी कॉल दिला नाही. पाच मिनिटं म्हणजे आमच्यात फार.

त्या पोराला 'चौकट राजा' बघायला सांगितलं होतं. काल सकाळी सातच्या कॉलटाइमला आला, डोळे लालबुंद. म्हटलं, झोपला नाहीस? म्हणाला, "पाहिला, दादा." थोडा वेळ नुसताच उभा राहिला. मग म्हणाला, "त्या झोक्याच्या गाण्याला किती दिवस लागले असतील हो? आणि पोरांना दिवसभर खायला काय दिलं असेल?"

मी व्हाउचरांची फाइल त्याच्याकडे सरकवली. म्हटलं, बस इथे, आधी डिझेलची लाव.