हेलसिंकीत हातभट्टीच्या मागावर

हेलसिंकीला गेलेला माणूस आधी सुओमेनलिन्नाचा किल्ला बघतो. मी मात्र एका सिनेमाच्या मागावर होतो, आणि त्याची एकही प्रत आज उरलेली नाही.

‘सालाविइनानपोल्ताजात’ (म्हणजे ‘हातभट्टीवाले’) हा फिनलंडचा पहिला कथाचित्रपट. लांबी वीसेक मिनिटं, २९ मे १९०७ ला प्रदर्शित. दोघं रानात चोरून दारू गाळतायत. गिऱ्हाईक येतं, ‘चव’ बघता बघता पत्त्यांचा डाव रंगतो, मारामारी जुंपते आणि पोलीस येऊन थडकतात. झाली गोष्ट! तिकडे घरी दारू गाळायला १८६६ पासूनच बंदी, त्यामुळे प्रेक्षकांना काही समजावून सांगायची गरजच नव्हती. गंमत म्हणजे या हातभट्टीच्या दिग्दर्शकांपैकी एक, लुई स्पारे, चक्क स्वीडिश काउंट आणि चित्रकार.

दुसरा तेउव्हो पुरो, नॅशनल थिएटरचा नट. ते थिएटर रेल्वे स्टेशनला लागूनच आहे. करड्या ग्रॅनाइटची, किल्ल्यासारखी दणकट इमारत. याच पुरोचा ‘सिल्वी’ हा सिनेमा १९१३ मध्ये प्रदर्शित झाला. त्यात बायको नवऱ्याला विष घालते. त्याचा निदान काही भाग तरी वाचलाय. आपला ‘राजा हरिश्चंद्र’ही त्याच वर्षीचा. तिकडे विषप्रयोग, इकडे सत्यवचनी राजा!

तिथून चालत बंदरावरच्या कौप्पातोरी बाजारात गेलो. समोरची फिकट निळी इमारत आज नगरपालिकेची आहे, पण पूर्वी ते सेउराहुओने हॉटेल होतं. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची चलतचित्रं फिनलंडमध्ये पहिल्यांदा दाखवली ती इथे, २८ जून १८९६ ला. मुंबईच्या वॉटसन हॉटेलातला त्यांचा खेळ ७ जुलैचा, म्हणजे जेमतेम नऊ दिवसांनी. त्या इमारतीकडे बघत मी राईच्या पिठात घोळवून तळलेले मुइक्कू खाल्ले. मांदेलीसारखेच, काट्यासकट. सीगल मात्र महाबिलंदर, ताट झाकूनच खावं लागतं.

जुने सिनेमे बघायचे तर ओओदी वाचनालयातलं किनो रेगिना हे चित्रपटगृह गाठा. कार्यक्रम आधी बघून ठेवा, मूकपट रोज नसतात. आणि रात्री हातभट्टीवाल्यांच्या नावाने पेला उचलायचा बेत असेल तर रविवार टाळा. कडक दारू विकणारी आल्को ही सरकारी दुकानं त्या दिवशी बंद असतात. मग बार गाठायचा, आणि तिथलं बिल बघूनच उतरते.