कोंबडीच्या छातीत हरवणारा स्नायू

पक्ष्याची छाती उघडायची कॉलेजात शिकवतात ती पद्धत अशी: दोन्ही बाजूंच्या बरगड्या कापायच्या, खांद्याजवळची हाडं तोडायची आणि छातीचं अख्खं हाड उचलून बाजूला ठेवायचं. हृदय, यकृत, वायुकोश म्हणजे हवेच्या पातळ पिशव्या, सगळं एकदम समोर येतं. पण हाड उचलताना एक गोष्ट हातची जाते. त्या हाडापासून निघून श्वासनलिकेला जाऊन मिळणारा बारीक स्नायू दोन्ही बाजूंना असतो, तो ताणला जातो आणि तुटतो. पुढच्या आकृतीत तो नसतो, किंवा असलाच तर नस म्हणजे मज्जातंतू म्हणून दाखवलेला असतो. पक्ष्याच्या आवाजात ज्याला रस आहे त्याच्यासाठी हे मोठंच नुकसान आहे.

या स्नायूचं नाव स्टर्नोट्रकिॲलिस. स्नायूंच्या नावांची साधी रीत आहे: जिथून निघतो ते आधी, जिथे जाऊन चिकटतो ते नंतर. स्टर्नम म्हणजे उरोस्थी, ट्रकिआ म्हणजे श्वासनलिका. मराठीत लिहायचं तर उरोस्थी-श्वासनलिका स्नायू म्हणावं, पण पहिल्या उल्लेखात लॅटिन नावही देवनागरीत द्यावं, म्हणजे वाचणाऱ्याला पुस्तकात शोधता येतं. पक्ष्यांच्या शरीररचनेची प्रमाण नावं ‘नॉमिना अॅनाटोमिका एव्हियम’ या ग्रंथात ठरवलेली आहेत. त्याची पहिली आवृत्ती 1979 ची आणि दुसरी 1993 ची. त्याआधीच्या पुस्तकांत एकाच स्नायूला दोन-दोन नावं सापडतात. विशेष गोंधळ होतो तो शेजारच्या स्नायूचा. विशबोनपासून, म्हणजे जोडलेल्या जत्रुकास्थींपासून, श्वासनलिकेकडे जाणारा क्लायडोट्रकिॲलिस जुन्या पुस्तकांत यप्सिलोट्रकिॲलिस म्हणून येतो. दोन्ही नावं वाचून दोन स्नायू शोधत बसू नये. तिसरा ट्रकिओलॅटरॅलिस. हा छातीच्या हाडाशी संबंध न ठेवता श्वासनलिकेच्या कडेने लांबवर धावतो.

दिशांचे शब्दही जपून वापरावेत. माणसाच्या पुस्तकातले ‘वर’ आणि ‘खाली’ पाठीवर झोपवलेल्या कोंबडीला लावले की अर्थ उलटापालटा होतो. डोक्याकडे, शेपटीकडे, पाठीकडे, पोटाकडे असं लिहिलं की प्रश्नच राहत नाही.

आता तो प्रत्यक्ष कसा बघायचा ते. ब्रॉयलरपेक्षा गावरान कोंबडा घ्यावा. ब्रॉयलर पाच-सहा आठवड्यांचा असतानाच कापला जातो, त्याची हाडं अजून कोवळी असतात आणि छातीच्या तोंडाशी चरबी साचलेली असते. दुकानदाराला स्पष्ट सांगावं की पिसं काढ, पण आतलं काही काढू नकोस आणि नरडं ओढू नकोस. एरवी साफ करताना अन्नपुट, म्हणजे दाणे साठवायची पिशवी, आणि श्वासनलिका मानेकडून ओढूनच काढतात, आणि तसं झालं की आपला स्नायू आधीच गेलेला असतो. गळा कापताना श्वासनलिकाही कापली गेली असेल तर तिचा डोक्याकडचा ताण सुटतो आणि ती छातीकडे सरकते. तरी चालतं, फक्त कापलेलं टोक चिमट्याने पकडून हलकेच पुढे ओढून ठेवावं लागतं.

पक्षी पाठीवर ठेवून पाय आणि पंख फाकवून बांधावेत. चोचीखालून छातीपर्यंत फक्त कातडी कापावी. मानेच्या मध्यभागी श्वासनलिका आणि अन्ननलिका दोन्ही उजव्या बाजूला सरकलेल्या दिसतील, छातीच्या तोंडाशी श्वासनलिका परत मध्यावर येते. अन्नपुट बोटानेच सोडवून बाजूला करावं, सुरी लावू नये, ते फुटलं तर दाणे सगळीकडे पसरतात. आता विशबोनच्या दोन फांद्यांमधली जागा दिसते. तिथला पातळ पडदा काढला की श्वासनलिका आत उतरताना दिसते. तिच्या दोन्ही बाजूंना, गळ्याच्या मोठ्या शिरेला लागून, गडद लाल चकचकीत गोळ्या दिसतात त्या थायरॉइड ग्रंथी. त्या ओळखून ठेवाव्यात, पुढे कामाला येतात.

आता श्वासनलिका चिमट्याने धरून डोक्याच्या दिशेने अर्धा सेंटीमीटर ओढा. आत, दोन्ही बाजूंना, दोन तंतू एकदम ताठ होतात. सोडलं की ढिले पडतात. हेच ते. तिरके, बाहेरच्या बाजूला उरोस्थीकडे जाणारे. रंग फिकट गुलाबी, बारीक रेषा असलेला, जाडी जेमतेम एक-दोन मिलीमीटर. नस असती तर पांढरी चमकली असती आणि ताणली गेली नसती. शीर असती तर दाबताच चपटी झाली असती.

संपूर्ण स्नायू दाखवायचा असेल तर उरोस्थी उचलायचीच नाही. आधी छातीचे दोन्ही थर, वरचा मोठा पेक्टोरॅलिस आणि त्याखालचा सुप्राकोराकॉइडिअस, हाडावरून सोलून काढावेत. मग उरोस्थी मधोमध आडवी कापून तिचा शेपटीकडचा भाग बरगड्यांसकट काढावा. डोक्याकडचा भाग जागेवरच ठेवावा, कारण स्नायू निघतो तो तिथल्याच टोकापासून. उरोस्थीला खांद्याशी जोडणाऱ्या कोराकॉइड हाडाच्या सांध्याच्या बाहेरच्या बाजूला, पुढे आलेलं जे टोक असतं त्याला क्रेनिओलॅटरल प्रोसेस म्हणतात, मराठीत पुढचं-बाहेरचं टोक म्हटलं तरी चालेल. आता विशबोनचं शेपटीकडचं टोक तोडून उरलेली उरोस्थी बरोबर मध्यरेषेवर हाडकापी कात्रीने चिरावी आणि दोन्ही अर्धे भाग हळूहळू बाजूंना उघडावेत. कात्रीचं टोक पोटाकडच्या अंगाला, हाडाला चिकटवून ठेवावं. ते आत घुसलं तर हृदयातून निघणाऱ्या मोठ्या धमन्या फुटतात आणि सगळा भाग रक्ताने भरून जातो, मग काहीही ओळखू येत नाही. मिठाच्या हलक्या पाण्याने धुऊन पुढे जाता येतं, पण बारीक रचना गेलेल्या असतात.

नीट उघडलं तर चित्र असं दिसतं: मध्ये श्वासनलिका, तिच्या शेवटी ती दोन श्वसनींत विभागते तिथे शब्दिनी म्हणजे सिरिंक्स, आणि दोन्ही बाजूंनी शब्दिनीच्या जरा डोक्याकडे येऊन चिकटलेले आपले दोन स्नायू. ते ज्या पोकळीतून जातात ती जत्रुक वायुकोशाची. पक्ष्याच्या कंठात स्वरतंतू नसतात. आवाज तयार होतो तो इथे, छातीत, श्वसनींच्या तोंडाशी असलेल्या पातळ पडद्यांच्या थरथरण्याने. पडदे थरथरायला भोवतालच्या वायुकोशात हवेचा दाब लागतो, आणि ते किती ताणलेले किंवा ढिले आहेत हे श्वासनलिका पुढे-मागे सरकण्यावर अवलंबून असतं. ट्रकिओलॅटरॅलिस नळी डोक्याकडे ओढतो, स्टर्नोट्रकिॲलिस शेपटीकडे. कोंबडीत शब्दिनीचे स्वतःचे वेगळे स्नायू नाहीतच, सगळं काम या बाहेरून येणाऱ्या स्नायूंवर चालतं. दयाळ किंवा मैनेसारख्या गाणाऱ्या पक्ष्यांत शब्दिनीवरच अनेक स्नायूंच्या जोड्या असतात, तरी त्यांच्यातही स्टर्नोट्रकिॲलिस टिकून आहे.

या स्नायूला दुय्यम समजू नये, याचा भक्कम पुरावा होल्याच्या कुळातून आला. पिंजऱ्यात पाळल्या जाणाऱ्या होल्यावर झालेलं काम 2004 साली ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध झालं. त्यात दिसलं की त्याच्या घुमण्यातला थरथरता भाग ट्रकिओलॅटरॅलिस आणि स्टर्नोट्रकिॲलिस हे दोन स्नायू थेट चालवतात. पहिल्याने हवेची वाट उघडते, दुसऱ्याने, म्हणजे स्टर्नोट्रकिॲलिसने, मिटते. त्यासाठी हे स्नायू चालण्या-उडण्याच्या स्नायूंच्या मानाने फारच लवकर आखडतात आणि सैल होतात, खुळखुळ्या सापाच्या शेपटीतल्या स्नायूंच्या तोडीने. आपल्या अंगणात घुमणारे होले त्याचेच जवळचे नातेवाईक. मला तरी ही गोष्ट शरीररचनेतल्या सर्वांत सुंदर गोष्टींपैकी एक वाटते.

उरोस्थी आणि श्वासनलिका यांचं नातं स्नायूवरच थांबत नाही. सारस क्रौंचात नळी स्वतःच छातीच्या हाडात शिरते. गोंदिया-भंडाऱ्याच्या भातखाचरांत आणि तलावांवर जे मोजके सारस उरले आहेत, त्यांची लांबवर ऐकू येणारी जोडीची हाक या रचनेतून येते. उरोस्थीच्या मधल्या उभ्या पात्यात पोकळी असते, श्वासनलिका तिच्यात जाऊन वेटोळं घेते आणि बाहेर येऊन फुप्फुसांकडे वळते. अंड्यातून निघालेल्या पिल्लात नळी सरळच असते, वेटोळं वाढीबरोबर तयार होतं, म्हणून पिल्लांचा आवाज बारीक चिवचिवाटासारखा असतो. हिवाळ्यात येणाऱ्या कांड्या करकोच्यात हे वळण उथळ असतं, आफ्रिकेतल्या मुकुटधारी क्रौंचांत जवळपास नसतंच. सारसाचं प्रेत सापडलं तर हात लावू नये, वन्यजीव संरक्षण कायदा 1972 लागू होतो. वनविभागाला कळवावं.

माणसात असा स्नायू नाही. उरोस्थीच्या मागून निघणारे स्टर्नोहायॉइड आणि स्टर्नोथायरॉइड हे दोन स्नायू श्वासनलिकेच्या पुढून जातात आणि वर, एक जिभेच्या मुळाशी असलेल्या हायॉइड हाडाला, दुसरा थायरॉइड कास्थीला चिकटतो. श्वासनलिकेला कोणीच धरत नाही. मध्ये असतात थायमस ग्रंथीचे अवशेष, सैल ऊती आणि मोठ्या रक्तवाहिन्या. गळ्याच्या खळग्यात बोट ठेवून डॉक्टर श्वासनलिका मध्यावर आहे की एका बाजूला ढकलली गेली आहे ते तपासतात. ट्रॅकिऑस्टॉमी, म्हणजे गळ्यातून श्वासनलिकेत ट्यूब घालायची शस्त्रक्रिया, फार खाली केली तर ट्यूब तिथल्या मोठ्या ब्रेकिओसेफॅलिक धमनीवर घासू शकते, हा धोका याच शेजारामुळे. पक्ष्याच्या नळीची कडी पूर्ण वर्तुळाकार असतात, माणसाची मागून उघडी. परीक्षेत हा फरक हमखास विचारतात.

कुक्कुटपालन करणाऱ्यांसाठी या सगळ्याचा थेट उपयोग आहे. घरघर करून मेलेलं पिल्लू तपासताना बरेच जण मानेतली श्वासनलिका उभी चिरून बघतात आणि ‘थोडा चिकट द्रव’ म्हणून थांबतात. इन्फेक्शस ब्रॉन्कायटिस या कोंबड्यांच्या विषाणूजन्य आजारात पिल्लांना गुदमरवणारी पिवळट, चिवट गुठळी असते ती खाली, शब्दिनी आणि श्वसनींच्या तोंडाशी. तिथपर्यंत कात्री न्यायलाच हवी. ॲस्परजिलस बुरशीच्या गाठीही तिथेच बसतात, आणि श्वास अडण्याआधी पक्ष्याचा आवाज बदलतो. बजरीगर हा छोटा पोपट पाळणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं: फक्त बियांवर वाढवलेल्या पक्ष्याला आयोडीन कमी पडतं, थायरॉइड फुगते आणि छातीच्या तोंडाशीच शब्दिनी दाबली जाते. प्रत्येक श्वासाबरोबर बारीक चीं-चीं ऐकू येऊ लागली तर पक्षी गातोय असं समजू नये. पक्ष्यांच्या डॉक्टरकडे न्यावं.

एकाच वेळी पुष्कळ पक्षी मरत असतील तर मात्र घरी काहीही उघडू नये. नवापूरला 2006 साली बर्ड फ्लू आला तेव्हापासून पशुसंवर्धन विभागाची याबाबतची सूचना स्पष्ट आहे: मेलेला पक्षी न चिरता ठेवायचा, हात धुवायचे आणि जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात ताबडतोब कळवायचं. नमुना ते घेतात. तुम्ही सांगायचं ते एवढंच की मरण्याआधी आवाज बदलला होता का, आणि बदलला असेल तर किती दिवस आधी.