सूट्रोचा हौद

योसेमिटी झालं, लास वेगास झालं, लेकाच्या मित्रांकडे तीन जेवणं झाली. त्यावर लिहिण्यासारखं माझ्याकडे काही नाही. लिहायचंय ते सॅन फ्रान्सिस्कोच्या पश्चिम टोकाला, ऐन समुद्रकाठच्या एका पडक्या हौदाबद्दल. आणि खरं सांगायचं तर तिथे आम्ही थांबलो ते मला लघवीला लागली म्हणून.

जुलै महिना. "उन्हाळा आहे बाबा," या लेकाच्या भरवशावर मी अर्ध्या बाह्यांच्या शर्टात निघालो होतो. लँड्स एंड नावाच्या त्या टोकाला गाडीतून उतरलो तर धुकं, आणि वारा असा बोचरा की हिने स्वतःची मरून शाल काढून मला दिली. तसाच माहिती केंद्रात शिरलो. काम उरकल्यावर बाहेर पडायचं जिवावर आलं, म्हणून जुने फोटो बघत रेंगाळलो.

फोटोत त्याच हौदावरचं भलंमोठं काचेचं छप्पर, खाली पोहण्याचे सात तलाव. एक गोड्या पाण्याचा, बाकीचे खाऱ्या. भरतीचं पाणीच आत घ्यायचे. भाड्याने द्यायला 20,000 पोहण्याचे पोशाख आणि 40,000 टॉवेल. "धुवायला कोण होतं?" हिने विचारलं. त्याचा फोटो नव्हता.

हे बांधणारा अडॉल्फ सूट्रो. जन्म 1830 चा, प्रशियातल्या, म्हणजे आजच्या जर्मनीतल्या, आखेनचा. 1850 मध्ये इकडे आला, सिगार विकले. मग नेवाडातल्या कॉमस्टॉकच्या चांदीच्या खाणी. तिथे खोल गेलं की कढत पाणी भरायचं. याने हेका धरला की डोंगराच्या पायथ्यापासून बोगदा खणून ते बाहेर काढायचं. 1869 ते 1878, जवळजवळ चार मैल खणलं. तोवर चांदीच आटत आलेली! हा शहाणा आपले शेअर विकून मोकळा झाला आणि सॅन फ्रान्सिस्कोत वाळूच्या टेकड्या घेत सुटला. असं करत शहराची बारावा हिस्सा जमीन त्याची झाली. अशा माणसांबद्दल मला एरवी प्रेम वाटत नाही. पण इथवर यायला रेल्वे कंपनी दहा सेंट घ्यायची, म्हणून भांडून याने पाच सेंटात येणारी स्वतःची ट्राम काढली, हे वाचून मी विरघळलो. 1894 ला लोकांनी त्याला महापौर म्हणून निवडून दिलं. 1896 ला तलाव खुले झाले.

आणि 1897 साली जॉन हॅरिस नावाचा माणूस पोहायला आला. त्याला पाण्यात उतरू दिलं नाही, कारण तो काळा होता. बसून बघायला हरकत नव्हती. हॅरिस कोर्टात गेला आणि जिंकला. शंभर डॉलर मिळाले.

त्यानंतर आम्ही पायऱ्या उतरून खाली गेलो. 1966 च्या आगीनंतर उरलेत ते काँक्रीटचे काठ आणि मधे हिरवट, साचलेलं पाणी. गर्दी होतीच, जो तो समुद्राकडे पाठ करून फोटो काढत होता. मी कडेला टेकलो. काठ ओलसर, शेवाळलेला, हाताला अगदी आमच्या मळ्यातल्या विहिरीच्या पायरीसारखा लागला.

त्या विहिरीत मी पाठीला पत्र्याचा डबा बांधून पोहायला शिकलो. मे महिन्यात अख्खं गाव तिथे असायचं, असं मी नातवाला नेहमी रंगवून सांगतो. अख्खं कुठलं? खालच्या वस्तीतला माझ्या वर्गातला एक पोरगा लांब बांधावर बसून आमच्या उड्या मोजायचा. कुणाची किती झाली यावर भांडण लागलं की आम्ही त्यालाच विचारायचो. त्याला पोहता येत होतं का, हे मला आजही माहीत नाही.

"बाबा, पार्किंग संपतंय," लेक वरून ओरडला. आणि हिने शाल परत मागितली.