राजाच्या पोटावरचे टाके

सीन नदीला पाणी चढलं की बोटी पुलांखालून जात नाहीत. त्या दिवशी तसंच झालं आणि साताऱ्याहून आलेल्या सात जणांची दुपार मोकळी राहिली. मी पॅरिसमध्ये गाईडचं काम करते. मराठी गटांना सहसा सां-दनीला नेत नाही. इतक्या लांबून येऊन थडगी कोणाला बघायची असतात, असं मला वाटायचं. पण पावसात उघड्यावर भिजवण्यापेक्षा हे बरं, म्हणून १३ नंबरची मेट्रो पकडली.

सां-दनीचं हे चर्च म्हणजे फ्रान्सच्या राजघराण्याचं दफनस्थान. ४२ राजे आणि ३२ राण्या इथे पुरल्या गेल्या. आत शिरलं की सत्तरवर दगडी माणसं हात जोडून उताणी निजलेली दिसतात. त्यात एक मूर्ती अगदी छोटी आहे, मी तिथूनच सुरुवात करते. हा पहिला जाँ. बाप दहावा लुई जून १३१६ मध्ये वारला तेव्हा राणी क्लेमाँस गरोदर होती. काका फिलिपने कारभार हाती घेतला आणि सगळं राज्य बाळंतपणाची वाट बघत बसलं. नोव्हेंबरात मुलगा झाला, जन्मतःच राजा.

"म्हणजे आपले सवाई माधवरावच की," गटातल्या एक काकू म्हणाल्या.

हो, अगदी तसंच. फक्त हे बाळ पाच दिवसांत गेलं. त्याला एक मोठी सावत्र बहीण होती, पण तिला बाजूला सारून काका गादीवर बसला आणि १३१७ मध्ये ठरलं की फ्रान्सच्या गादीवर बाई बसणार नाही. पुढे १३२८ मध्ये चौथा शार्ल मुलाविना गेला. त्याच्या बहिणीचा मुलगा इंग्लंडचा राजा होता, तिसरा एडवर्ड. आईकडून आलेला त्याचा हक्क फ्रेंच सरदारांनी मानला नाही. १३३७ पासून जे युद्ध पेटलं ते शंभर वर्षांहून जास्त चाललं, आणि इंग्लंडचे राजे स्वतःला 'फ्रान्सचा राजा' म्हणवायचे ते थेट १८०१ पर्यंत. मला या जागी नेहमी भरून येतं. एवढंसं ते पोर.

इथून पुढे मी भराभर चालते. बाराव्या लुईचं आणि त्याची राणी आन हिचं स्मारक तर मी लांबूनच दाखवायची. वर दोघं गुडघे टेकून प्रार्थना करताहेत, भोवती येशूचे बारा प्रेषित बसलेत, आणि खाली कमानींच्या आत तेच दोघं पुन्हा आहेत, उघडी प्रेतं होऊन. लोकांना ते बघवत नाही, असा माझा समज होता.

गटात एक डॉक्टर काका होते. तीस वर्षं सिव्हिल हॉस्पिटलमध्ये पोस्टमॉर्टेम केलेले. सकाळपासून ते फारसं बोलले नव्हते. ते कमानीपाशी वाकले, मोबाइलचा कॅमेरा झूम केला आणि मला हाक मारली. "अगं, इकडे ये. हे बघितलंस का कधी?"

राजाच्या पोटावर लांब चीर होती. शिवलेली. टाके एकेक मोजता येतील इतके स्पष्ट, संगमरवरात कोरलेले. मान मागे पडलेली, तोंड अर्धवट उघडं.

"एवढे मोठे टाके. जखम भरून यायची असेल तर कोणी असे घालत नाही. हे मेल्यानंतरचे. आम्ही असेच घालायचो." मग ते राणीकडे वळले. तिच्या पोटावरही तेच. "कोरणाऱ्याने प्रेत बघितलंय. ऐकून हे जमत नाही."

मी तारखा सांगितल्या. आन ९ जानेवारी १५१४ ला ब्लुआच्या वाड्यात गेली आणि इथे दफन झालं १६ फेब्रुवारीला. "पाच आठवडे," काका म्हणाले. "मग पोट रिकामं करून मसाला भरल्याशिवाय भागलंच नसतं." तिचं काळीज वेगळं काढून सोन्याच्या डबीत नाँतला पाठवलं होतं, आईवडिलांच्या थडग्यात ठेवायला.

"वय काय होतं?"

"सदतिसावं पूर्ण व्हायला थोडेच दिवस होते. दोनदा फ्रान्सची राणी झाली, आधी आठव्या शार्लची, मग याची. बाळंतपणं किती झाली, जगल्या दोन मुली."

मुली. म्हणजे गादीला वारस नाही. छोट्या जाँच्या वेळी जे ठरलं ते दोनशे वर्षांनी या बाईच्या पोटावर येऊन बसलं होतं. वर्ष उलटायच्या आत बावन्न वर्षांच्या लुईने इंग्लंडच्या आठव्या हेन्रीची बहीण मेरी करून आणली. ती अठरा वर्षांची होती. तीन महिन्यांच्या आत, १ जानेवारी १५१५ ला, तोही गेला. मुलगा झालाच नाही. गादीवर जावई फ्रान्स्वा आला आणि हे स्मारक त्यानेच करवून घेतलं. इतकी वर्षं हे सगळं मी दोन वेगवेगळ्या गोष्टी म्हणून सांगत होते.

"आता आत आहेत का ते?" काकांनी विचारलं.

नाहीत. १७९३ च्या ऑक्टोबरात क्रांतिकारकांनी कबरी उघडल्या, देह चर्चशेजारच्या खड्ड्यांत टाकले, वर चुना घातला. १८१७ मध्ये अठराव्या लुईने हाडं वर काढली तेव्हा कोणतं कोणाचं हे सांगता येईना. सगळी एकत्र तळघरात ठेवली आणि संगमरवरी पाट्यांवर नावं लिहिली.

काकांना ते बघायचंच होतं. बाकीचे दमून वर बाकांवर बसले, आम्ही दोघं खाली उतरलो. पाट्यांसमोर त्यांनी डोक्यावरची टोपी काढली.

"बेवारस यायचे ना, त्यांना आमच्याकडे फक्त नंबर असायचा. मी प्रत्येकाची अंगठी, गोंदण, जुनी जखम, सगळं लिहून ठेवायचो. कधी कोणी शोधत आलं तर." थोडं थांबून म्हणाले, "वाच ना. सगळी वाच. मला फ्रेंच येत नाही."

मी पहिल्या नावापासून वाचायला लागले. मध्ये वरून कोणीतरी हाक मारली, उशीर होतोय म्हणून. काकांनी हातानेच थांबा म्हणून खूण केली, आणि मी पुढची ओळ घेतली.