मातीच्या भिंतींना कान नसतात

रविवार, रात्र

सकाळी पांडवलेणीला जाऊन आले. वर पोचेपर्यंत धाप लागली, आणि मुंबई-आग्रा हायवेवरचे ट्रक माझ्या आधी वर येऊन बसल्यासारखे कानात घोंघावत होते. तीन नंबरच्या लेण्यात एक शाळकरी पोरगा भिंतीकडे तोंड करून "ओ" देत होता. दगड ओ देत होता. त्याची आई वैतागली, "बास की रे आता!" मी गुपचूप खांबाला टेकून ऐकत उभी राहिले, कारण मी त्याच कामाला गेले होते.

दिवाळी अंकासाठी लिहितेय त्या कथेत या त्रिरश्मी डोंगरावर एक वेधशाळा आहे. घडून गेलेल्या गोष्टींचे काळात अडकलेले प्रतिध्वनी टिपणारी. ताईला सांगितलं तर म्हणाली, "काहीही हं तुझं." पण आकाशापुरतं हे होऊन गेलंय. १५७२ च्या नोव्हेंबरात टायको ब्राहेनं नवा तारा पाहिला, नुसत्या डोळ्यांनी, कारण दुर्बीण अजून यायची होती. त्या स्फोटाचा थोडा प्रकाश आडबाजूला गेला, धुळीच्या ढगावर आपटला आणि लांबच्या वाटेनं आपल्याकडे निघाला. २००८ साली शास्त्रज्ञांनी तो पकडून वर्णपट काढला आणि टायकोनं पाहिलेला स्फोट कुठल्या जातीचा, हे चारशेहून जास्त वर्षांनी ठरवलं. आपल्या पुणे-नाशिक रस्त्याला नारायणगावजवळ खोडदला रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या आहेत. तिथं ८.८ अब्ज वर्षांपूर्वी निघालेला हायड्रोजनचा संदेश सापडला, तोही वाटेत दुसरी एक दीर्घिका आडवी आली म्हणून. तिच्या गुरुत्वाकर्षणानं तो वाकला आणि सुमारे तीसपट ठळक झाला.

म्हणजे दोन्हीकडे मधे काहीतरी यावं लागलं. ज्याच्या वाटेत काहीच आलं नाही, ते सरळ निघून गेलं. हाच नियम मी वेधशाळेला लावला आणि कथा तिथून खरी सुरू झाली.

पहिली पानं मजेत लिहून झाली. वेधशाळेला वाटतं लोक सातवाहनांबद्दल विचारायला येतील. येतात कोण, तर भाऊबंद. खिडकीवर रांग: आजोबांनी बांधावरच्या आंब्याबद्दल चुलत्याला नेमका काय शब्द दिला होता? वाटणीच्या वेळी पाटल्या कुणाच्या पिशवीत गेल्या? सोबत सातबाराची झेरॉक्स जोडलेली. खरंच असलं यंत्र निघालं तर नाशिक जिल्ह्यात निम्मे अर्ज असलेच येतील, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. उरलेल्या निम्म्यांत दुतोंड्या मारुतीच्या पुराचे असतील. गोदेचं पाणी त्या मूर्तीच्या कमरेला लागलं होतं की छातीला, यावर इथे अजून पैजा लागतात.

मग काळाराम मंदिराचा प्रसंग आला आणि मजा थांबली. २ मार्च १९३०. बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली हजारो माणसं देवळाशी आली आणि दारं बंद होती. माझ्या नियमानं पाहिलं तर वेधशाळेला सगळ्यात स्पष्ट प्रतिध्वनी तिथलाच मिळणार. काळा दगड, लावलेली दारं. उघडी असती तर घोषणा आत जाऊन गर्दीत विरली असती. हे लिहिताना हात अडखळला. अडवणाऱ्याच्या दारामुळेच अडवलेल्याचा आवाज टिकला, असं म्हटलं की त्या दाराला उगाच श्रेय दिल्यासारखं होतं. वाक्य खोडलं. नुसता आवाज ठेवला, कारण लिहिला नाही.

तीन नंबरच्या लेण्यातला गौतमी बलश्रीचा लेख आज पुन्हा नीट पाहिला. ब्राह्मी मला वाचता येत नाही, तरी पाहत बसते. सातवाहन राजा असलेल्या नातवाच्या, पुळुमावीच्या, राज्याच्या एकोणिसाव्या वर्षी ही म्हातारी राणी भिक्षूंना लेणं दान देते आणि त्या निमित्तानं गेलेल्या लेकाचं, गौतमीपुत्राचं, गुणगान कोरून घेते. त्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यायलं, शक-यवन-पल्हवांचा त्यानं नाश केला. आणि स्वतःची ओळख काय सांगते? महाराजाची आई, महाराजाची आजी. कुठल्याही वाड्यातल्या आजीनं आल्यागेल्याला सांगावं तसंच.

तिला दगड मिळाला. माझ्या कथेत खिडकीवर एक बाई येते, दिंडोरीकडची. तिला आईची जात्यावरची ओवी ऐकायचीय, एकच. यंत्रावरचा पोरगा जागा विचारतो, घर कसलं होतं विचारतो. कुडाचं, शेणानं सारवलेलं. तो मान हलवतो. असल्या भिंती आवाज पिऊन टाकतात, बाई, परत काही देत नाहीत.

इथे कथा चार दिवस अडलीय. अर्जावर "निकाली" लिहवत नाही, म्हणून "प्रलंबित" लिहून ठेवलंय, सरकारी खात्यासारखं. संपादकांचा दोनदा फोन येऊन गेला.

मघाशी ताईला वाचून दाखवलं. काहीही म्हणणारी ताई यावेळी भांडी आवरता आवरता म्हणाली, "अगं, घरात तांब्याचा हंडा असेल की. कोपऱ्यात ठेव एक. हंडा घुमतो."

मला सुचायला हवं होतं ते तिला सुचलं. पण हंडा रिकामा असला तरच घुमणार. दळण पहाटेचं, आणि पाणी दळणाच्या आधी भरायचे की नंतर? उद्या आईला फोन करून विचारते. आधी भरत असतील तर हंडा चालणार नाही, मग परात बघावी लागेल.