स्वामीतोप्पू : डोक्याला फेटा, समोर आरसा

कन्याकुमारीत मराठी माणसाला परकं वाटत नाही. शिला स्मारकाच्या बोटीच्या रांगेत मागे-पुढे मराठीच ऐकू येतं, आणि ते स्मारक १९७० साली उभं राहिलं तेही एकनाथजी रानड्यांच्या चिकाटीमुळे, म्हणजे अमरावती जिल्ह्यातल्या माणसामुळे. टूरवाल्यांचा कार्यक्रम ठरलेला असतो. सूर्योदय, बोट, शुचींद्रम, शंख-शिंपल्यांची खरेदी, चला परत. त्याच पट्ट्यात दहा-बारा किलोमीटरवर स्वामीतोप्पू नावाचं गाव आहे, पण तिथे कुणी नेत नाही. तिथल्या गाभाऱ्यात मूर्ती नाही, आरसा आहे, एवढं मी ऐकून होतो.

सकाळी शुचींद्रम उरकलं. मंदिर देखणं आहे, वाद नाही. दगडी खांब वाजवून दाखवतात, लोण्याने माखलेला भलामोठा मारुती आहे. पुरुषांनी सदरा काढायचा, उघड्या डोक्याने आत जायचं. बाहेर येऊन रिक्षा ठरवली. ताडाची झाडं, मधूनच मिठागरं, आणि रस्त्याकडेला ताडाच्या पानात नीरा देणारे विक्रेते. रिक्षावाले अण्णा मोडकंतोडकं हिंदी बोलत होते. स्वामीतोप्पू म्हटल्यावर त्यांनी आरशातून माझ्याकडे बघितलं. “अय्या? तुम्ही बंबईवाले कसे काय?”

पोचल्यावर दारातच एका स्वयंसेवकाने सदरा काढायची खूण केली. हे सकाळीच सरावाचं झालं होतं. पुढचं मात्र नवीन होतं. त्याने माझ्या खांद्यावरचा टॉवेल ओढून घेतला, त्याची लांब घडी घातली आणि चार वेढ्यांत माझ्या डोक्याला फेटा बांधून टाकला. मग ओली पांढरी माती बोटावर घेऊन दोन भुवयांच्या मधून थेट केसांपर्यंत ज्योतीच्या आकाराचा नाम ओढला. पुरुषाने फेट्याशिवाय आत जायचं नाही, हा इथला नियम.

पळ्ळियरै म्हणजे इथला गाभारा. भगव्या वस्त्रात गुंडाळलेलं आसन, दोन समया आणि मागे आरसा. वाकून बघितलं तर समोर मीच. सुटलेलं पोट, कपाळावर पांढरी ज्योत, फेटा डावीकडे कललेला. हात जोडायच्या आधी आपसूक हात डोक्याकडे गेला. शेजारच्या आजोबांचंही तेच चाललं होतं. त्यांनी आरशात बघून फेटा नीट केला, शेव आत खोवला, मग डोळे न मिटता नमस्कार केला.

देव तुझ्यातच आहे, असं इथले लोक सांगतात. ते मानायला माझी हरकत नाही, पण आपल्याकडच्या कीर्तनातही ते कमी ऐकलेलं नाही. मला तो आरसा त्या फेट्यामुळे कळला.

एकोणिसाव्या शतकात हा भाग त्रावणकोर संस्थानात होता. ताडावर चढणाऱ्या नाडरांना आणि इतर कनिष्ठ मानलेल्या जातींना डोक्याला काही बांधायची बंदी होती. छत्री धरायची नाही, पायात वहाणा नाहीत, बायकांनी छाती झाकायची नाही. बायकांना तो हक्क राजाच्या हुकमाने मिळायला १८५९ उजाडलं. अशा काळात १८०९ साली इथे एक मुलगा जन्मला. आईबापांनी नाव ठेवलं मुडिसूडुम पेरुमाळ, म्हणजे मुकुट घातलेला विष्णू. वरच्यांना ते खपलं नाही, मग मुलाचं नाव मुत्तुकुट्टी झालं. १८३३ साली तिरुच्चेंदूरच्या समुद्रात शिरून तो तिसऱ्या दिवशी वैकुंठर होऊन बाहेर आला, अशी भक्तांची श्रद्धा. वैकुंठरांनी, म्हणजे भक्तांच्या अय्यांनी, सांगितलेला धर्म म्हणजे अय्यावळी. मूर्ती नको, बळी नको, दक्षिणा नको, कावड नको. सगळ्या जातींनी एका विहिरीचं पाणी घ्यायचं, एका पंगतीत जेवायचं. आणि डोक्याला फेटा बांधायचा. ज्यांच्या रचना आपण आवडीने ऐकतो त्या त्रावणकोरच्या स्वाती तिरुनाळ महाराजांनीच वैकुंठरांना तिरुवनंतपुरमला कैदेत टाकलं होतं. १८५१ साली ते गेले. आजचं देऊळ त्यांच्या समाधीभोवतीच उभं आहे.

आता सकाळचं शुचींद्रम आठवा. तिथल्या देवळाभोवतीच्या रस्त्यांवरून चालता यावं म्हणून १९२६ साली सत्याग्रह करावा लागला. त्रावणकोरातल्या देवळांची दारं सगळ्या हिंदूंना उघडली ती १९३६च्या जाहीरनाम्याने. म्हणजे ज्यांना त्या गाभाऱ्याच्या आसपासही फिरकू देत नव्हते, त्यांच्यासाठी इथे कितीतरी वर्षं आधी गाभारा तयार होता, आणि त्यात फेटा बांधलेले तेच दिसत होते! जोतीरावांचा सत्यशोधक समाज १८७३ चा. हे त्याच्याही आधीचं, आणि आपल्या शाळेच्या पुस्तकात मला तरी याची एक ओळ भेटली नव्हती.

जवळच मुत्तिरिकिणर ही ती सगळ्यांची विहीर. तिथलं पाणी ओंजळीने प्यायलो. चवीला जरा मचूळ लागलं, पण उन्हात बरं वाटलं. निघताना लोक एकमेकांना “अय्या उंडु” म्हणतात, म्हणजे अय्या आहेत. अण्णाही म्हणाले.

याच त्रावणकोरात आणखी एक आरसा आहे. केरळात चेर्तलाजवळ कळवंकोडमला समाजसुधारक नारायण गुरूंनी १९२७ साली देवळात मूर्तीऐवजी आरसा बसवला. त्याच्या पाऱ्यावर ‘ओम शांती’ अक्षरं आहेत. तिकडचा बेत पुढच्या खेपेला.

जाणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. टॉवेल किंवा उपरणं लांब न्या, आखूड असलं तर फेटा सुटतो. मार्चच्या सुरुवातीला वैकुंठरांच्या अवतारदिनाला नागरकोइलकडून मोठी मिरवणूक येते. गर्दी चालत असेल तर तेव्हा जा, नाहीतर साधा कामाचा दिवस पकडा. आणि टूरवाल्याने वेळ नाही म्हटलं तर शिंपल्यांची खरेदी टाळा, तेवढा वेळ पुरतो.